तोंडी लावायला टँगो

त्या रविवारी मी गप्प बसलो असतो तर पुढचं रामायण घडलंच नसतं, असं माझी बायको हेन्ना म्हणते. आता, गप्प बसणं ही काही आमच्या लाहती गावात अवघड गोष्ट नाही. आमच्याकडे माणसं गप्प बसून लग्नं जमवतात, गप्प बसून पन्नास-पन्नास वर्षं संसार करतात, आणि भांडण झालंच तर आणखी गप्प बसतात. मीही चांगल्या गप्प घराण्यातला आहे. पण त्या रविवारी सासरेबुवांच्या चष्म्याने घोटाळा केला.

सासरेबुवांचं नाव रेइयो. ऐंशी ओलांडलेले. उभा जन्म तळ्याकाठच्या नाचाच्या मांडवांत अकॉर्डियन वाजवण्यात गेला. दोन वर्षांपूर्वी तापात कान गेले ते इतके मुळापासून, की कुठलंच श्रवणयंत्र लागू पडेना. समोरचा काय बोलतो ते कळावं म्हणून दवाखान्याने चष्मा दिला. आपण बोललो की त्याच्या काचेवर अक्षरं उमटतात. तर त्या रविवारी आम्ही जेवत होतो आणि रेडिओवर टँगो लागला. सासरेबुवांनी काटा खाली ठेवला, काचेवरचं वाचलं आणि म्हणाले,

"'संगीत' म्हणतोय. कुठलं ते सांगत नाही."

मग त्यांनी चष्मा काढून खिशात घातला आणि उरलेले बटाटे खाल्ले. हेन्ना भांडी घासायला म्हणून आत गेली. भांडी अजून टेबलावरच होती. आतून तिचं नाक ओढणं ऐकू आलं तेव्हा मला राहवेना. दोन वर्षं ती अकॉर्डियनची पेटी कपाटावर पडून होती आणि घरात कुणी तिचं नाव काढत नव्हतं.

"आपण अनुनादक आणू या," मी म्हणालो.

हे यंत्र आता काही नवलाईचं राहिलेलं नाही. डोक्यावर घालायची एक लोकरीची टोपी आणि जमिनीवर ठेवायची कॉफीच्या डब्याएवढी एक पेटी. ती पेटी माणसाच्या मेंदूशी सूर जुळवते आणि एका इंद्रियाचा माल दुसऱ्या इंद्रियाच्या दारात नेऊन टाकते. कानाचं दार बंद असेल तर गाणं जिभेच्या दाराने आत जातं. म्हणजे सूर ऐकायचा नाही, चाखायचा. पैसेवाले लोक ते टोपडं घालून सूर्यास्ताचा वास घेत बसतात म्हणे. माझा हेतू अगदी साधा होता.

"बसवणार कोण ते?" हेन्नाने विचारलं.

"मी. मी तांत्रिक माणूस आहे."

"इल्मारी, तू महापालिकेत बर्फ कुठे उपसायचा त्याचं वेळापत्रक करतोस. उपसतसुद्धा नाहीस."

अशा बोलण्याला उत्तर द्यायचं नसतं. मी दिलंही नाही.

यंत्र मागायला मी आरोग्यकेंद्राच्या कानांच्या विभागात गेलो. तिथली मुलगी फार गोड होती. ती म्हणाली, कान तर त्यांचे गेलेत, पण यंत्र काम करणार जिभेवर, म्हणजे हा तोंडाचा विषय झाला. तोंडाचा विषय दातांच्या विभागाकडे होता. दातांच्या डॉक्टरांनी सासरेबुवांचा जबडा उघडून बराच वेळ आत पाहिलं, एक दात भरून दिला, आणि सांगितलं की जीभ उत्तम आहे, तेव्हा तिला यंत्राची गरज नाही. मी परत कानांकडे. शेवटी एका म्हाताऱ्या नर्सबाईंनी त्या प्रकरणावर 'घशाचा त्रास' असा शेरा मारला, कारण घसा दोन्ही विभागांच्या मधोमध असतो, आणि आम्हाला यंत्र मिळालं. सासरेबुवांना तोवर भरलेल्या दातामुळे डाव्या बाजूने चावता येईनासं झालं होतं.

पेटी बसवण्याच्या पत्रकात एक ओळ अशी होती की ती जमिनीशी नीट जोडलेली असावी. आम्ही तिसऱ्या मजल्यावर राहतो. जमीन खाली आहे. हा पेच मी शनिवारी इमारतीतल्या पुरुषांच्या सॉनात, म्हणजे वाफेच्या न्हाणीघरात मांडला. एरवी आमच्या इमारतीत जिन्यात कुणी भेटलं तर आम्ही दाराआड थांबून त्याला आधी जाऊ देतो, उगाच बोलायची वेळ नको. पण सॉनात अंगावर कपडे नसल्यामुळे माणूस मनाने जरा मोकळा असतो. तळमजल्यावरचे हुक्कानेन वरच्या फळीवर बसले होते. हुक्कानेन म्हणजे दीडशे किलोंचा सज्जनपणा. आयुष्यभर बेकरी चालवली, पण सल्ला मात्र विजेबद्दल देतात.

"घर तापवायच्या रेडिएटरला जोड की," ते म्हणाले. "गरम पाण्याचा लोखंडी पाइप पार तळघरापर्यंत जातो. त्याहून चांगली जमीन तुला कुठे मिळणार?"

त्यांच्या शेजारी आमच्या गृहसंस्थेचे अध्यक्ष सिर्विओ बसले होते. नियमांचं पुस्तक त्यांना तोंडपाठ आहे. ते काहीतरी बोलतील म्हणून मी थांबलो. त्यांनी तापलेल्या दगडांवर पळीभर पाणी टाकलं. ते मी संमती म्हणून धरलं.

घरी येऊन मी पेटी रेडिएटरला जोडली. टोपी सासरेबुवांच्या डोक्यावर चढवली. हेन्नाने कपाटावरून अकॉर्डियन काढून धूळ पुसली. त्यांनी पट्टे खांद्यावर घेतले. त्यांनी जुन्या टँगोची पहिली ओळ वाजवली आणि थांबले.

"जावईबुवा," ते म्हणाले, "हे काय पाजताय मला?"

कारखान्याने प्रत्येक सुराला एकेक चव आधीच ठरवून दिली होती. कारखाना कुठल्याशा उन्हाच्या देशातला. आनंदी सुरांना ऑलिव्ह, संत्रं, तुळस असं काय काय. आणि दुःखी सुरांना खोकल्याचं औषध. आता आमचा टँगो म्हणजे पहिल्यापासून शेवटपर्यंत दुःखी सूर. तो सुखी झाला तर लोक नाचायचे थांबतील. सासरेबुवांनी एका टँगोत अर्धी बाटली औषध प्यायल्यासारखं तोंड केलं.

मग आम्ही तिघांनी बसून चवी बदलल्या. बाप आणि मुलगी इतकं बोललेले मी आमच्या लग्नातही पाहिले नव्हते. खालच्या जाड सुरांना काळा पाव, यावर एकमत झालं. त्याच्या वर लोणी. मधल्या सुरांत वेलदोड्याचा गोड पाव कुठे ठेवायचा यावरून जुंपली.

"बाबा, तो सूर तुम्ही सारखा लावता. पोट बिघडेल."

"माझ्या पोटाचं मी बघीन. तू धुरी दिलेला मासा डावीकडे सरकव."

वरच्या बारीक सुरांना त्यांनी दलदलीतल्या पिवळ्या बोरांचा मुरांबा दिला. मला फक्त एक सूर ठरवू दिला. मी खारट काळी गोळी सुचवली. तो सूर त्या टँगोत एकदाही येत नाही, हे मला नंतर कळलं.

आणि मग सासरेबुवांनी वाजवलं. डोळे मिटून, सावकाश, जबडा हलवत. मध्येच एकदा ओठ चाटले. टँगो संपला तेव्हा म्हणाले, "दुसऱ्या ओळीत लोणी कमी पडलं. माझाच हात जड झालाय." आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. हेन्ना एकाच वेळी हसत आणि रडत होती, आणि मी तांत्रिक माणसाला शोभेल अशा चेहऱ्याने खिडकीबाहेर पाहत होतो. मला इतका आनंद फार वर्षांत झाला नव्हता.

त्या दिवसापासून ते रोज संध्याकाळी सहाला वाजवू लागले. पाठ ताठ झाली. दाढी रोज होऊ लागली. गुरुवारी मटारच्या सूपाच्या आधी दोन जास्तीचे टँगो व्हायचे, भूक लागावी म्हणून. त्यात कधी बोट घसरून शेजारच्या दोन पट्ट्या एकदम दाबल्या गेल्या की त्यांचा चेहरा पिळल्यासारखा व्हायचा, कारण मासा आणि मुरांबा एकाच घासात तोंडात यायचे. तेवढं सोडलं तर तीन आठवडे आमच्या घरात सणासुदीसारखं गेलं.

इमारतीत काही बारीकसारीक फरक पडत होते, पण ते माझ्या लक्षात आले नाहीत. हुक्कानेन बारीक होत होते. वरच्या मजल्यावरची रोन्या, शाळेत चित्रकला शिकवते, जन्मात मासा खाल्लेला नाही, ती जिन्यात दिसली की अपराधी दिसायची. सिर्विओ रोज सहाच्या आत धावतपळत घरी यायचे. त्यांच्या पत्नी दोन वर्षांपूर्वी वारल्या, तेव्हापासून ते उशिरापर्यंत वाचनालयात बसत. आता एक-दोनदा मी त्यांना दारात पकडलं तर म्हणाले, "नंतर, नंतर," आणि दार लावून घेतलं.

भांडं फुटलं ते सॉनातच. शनिवार होता. आम्ही तिघे फळीवर बसलो होतो.  मग हुक्कानेन समोरच्या भिंतीकडे पाहत म्हणाले,

"माझ्या डोक्यात काहीतरी झालंय. मी डॉक्टरांकडे जाऊन आलो. त्यांना काही सापडलं नाही."

सिर्विओंनी पळी बादलीत बुडवली.

"रोज सहाला तोंडात गोड पाव येतो. वेलदोड्याचा. नुसता सोफ्यावर बसलेला असतो मी. पाव खाऊन पोट भरतं, मग जेवावंसं वाटत नाही."

सिर्विओंच्या हातातली पळी तशीच राहिली. "आणि मग मासा?" त्यांनी विचारलं.

"धुरी दिलेला."

"मग लोणी."

"मग मासा आणि मुरांबा एकत्र!" हुक्कानेन ओरडले. "तुमच्याही?"

"मला वाटलं मलाच होतंय," सिर्विओ म्हणाले. "म्हणून बोललो नाही. कशाला कुणाला त्रास."

सॉनात ऐंशी अंशांची उष्णता असते. तरी मला हुडहुडी भरली. ती पेटी, तो रेडिएटर, तो तळघरापर्यंत जाणारा पाइप, आणि त्या पाइपाला जोडलेला घराघरातला प्रत्येक रेडिएटर, ज्याच्या शेजारी आमची माणसं हिवाळाभर चिकटून बसलेली असतात. अनुनाद लोखंडातून जातो, हे पत्रकाच्या मागच्या बाजूला लिहिलं होतं. मागची बाजू मी वाचली नव्हती. आमच्या घरी रेडिएटरजवळची जागा सासरेबुवांची, म्हणून हेन्नाला आणि मला कसली चव आली नव्हती. म्हणजे वीस घरांत माणसं तीन आठवडे माझ्या सासऱ्यांचा टँगो चघळत होती, प्रत्येकाला वाटत होतं की आपण एकटेच वेडे झालो आहोत, आणि सभ्यपणामुळे एकानेही तोंडातून ब्र काढला नव्हता! दुसऱ्या कुठल्या देशात हे तीन दिवस टिकलं असतं का, तुम्हीच सांगा.

मी टॉवेल शोधू लागलो. त्या अवस्थेत माणसाला आपला मोठेपणा सावरायला दुसरं काही हाती नसतं. टॉवेल गुंडाळून मी सगळं सांगितलं.

"पण रेडिएटरला जोडायचं तुम्हीच सांगितलंत," मी हुक्कानेनना म्हणालो.

"मी बेकरीवाला आहे," ते म्हणाले. "माझं ऐकायला तुला सांगितलं कुणी?"

सोमवारी संस्थेच्या व्यवस्थापक टोइवोलाबाई आल्या. नियमाप्रमाणे सिर्विओंनी त्यांना कळवलंच होतं, नियमापुढे त्यांचाही इलाज नाही. बाईंनी आमच्या रेडिएटरभोवती एक फेरी मारली आणि मला समजावलं की रेडिएटर माझ्या घरात आहे, त्याची धूळ मी पुसायची, त्याच्यावर मोजे मी वाळवायचे, पण तो माझा नाही. तो संस्थेचा आहे. संस्थेच्या लोखंडात परवानगीशिवाय काहीही सोडायचं नसतं. मी विचारलं, परवानगी कशी मिळते? त्या म्हणाल्या, पाणी, वीज आणि वायू यांचे अर्ज आहेत, चवीचा नाही. खास सभा बोलवावी लागेल, आणि एकाने जरी हरकत घेतली तरी यंत्र इमारतीतून बाहेर.

हे सगळं सासरेबुवा चष्म्यावर वाचत होते. बाई गेल्यावर ते उठले. टोपी काढली, घडी करून टेबलावर ठेवली, अकॉर्डियन पेटीत घातलं आणि दोन्ही कड्या लावल्या.

"बाबा, अजून सभा व्हायची आहे," हेन्ना म्हणाली.

"सभेचं काय घेऊन बसलीस. तीन आठवडे मी लोकांच्या घरात घुसून त्यांच्या तोंडात घास कोंबतोय. न विचारता. माझ्या चुकांसकट!" त्यांचे कान लाल झाले होते. "मांडवात निदान तिकीट काढून लोक यायचे. मला पुन्हा त्या वाद्याला हात लावायला सांगू नकोस."

मी पेटी रेडिएटरपासून सोडवून दुसरीकडे जोडायचा पर्याय मांडला. त्यांनी चष्मा काढून खिशात ठेवला. आता त्यांच्याशी बोलायची सोयच राहिली नाही. सभेपर्यंत सहा वाजले की आमच्या घरात फक्त घड्याळाचा आवाज व्हायचा. हेन्ना मला काही बोलली नाही, आणि ते मला फार लागलं. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

सभा तळघरातल्या दालनात भरली. डोक्यावरून संस्थेचे सगळे पाइप जातात तिथे. आधी कॉफी आणि पाव झाले, कारण कॉफीशिवाय आमच्याकडे प्रेतसुद्धा उचलत नाहीत. सासरेबुवा यायला तयार नव्हते, पण आपण केलेल्या गोष्टीची माफी स्वतः मागायची असते असं त्यांचंच मत असल्यामुळे चष्मा लावून आले आणि दाराजवळ उभे राहिले. टोइवोलाबाईंनी विषय वाचला आणि विचारलं,

"कुणाला काही बोलायचं आहे?"

कुणाला काही बोलायचं नव्हतं. वीस घरांची माणसं आपापल्या कपात पाहत बसली. बाई हेलसिंकीच्या. त्यांना आमच्या गप्प बसण्याची जात ओळखता येत नाही.

"म्हणजे सगळ्यांचीच हरकत आहे, असं मी धरते," त्या म्हणाल्या आणि पेन उचललं.

"थांबा," वरच्या मजल्यावरची रोन्या उभी राहिली. तिचा चेहरा लालभडक झाला होता. "मी मासे खात नाही. तत्त्व म्हणून. पण सोमवारपासून सहाला काही येत नाहीये तोंडात. तर ते... पुन्हा कधी सुरू होणार, एवढंच विचारायचं होतं."

"माझं वजन चार किलो वाढलं या आठवड्यात," हुक्कानेन बसल्या जागेवरून म्हणाले. "बेकरीतल्या पावांवर तुटून पडलोय मी. हे काही बरोबर नाही."

सगळ्यांनी सिर्विओंकडे पाहिलं. सिर्विओ अध्यक्षांच्या खुर्चीतून उठले, शेजारच्या साध्या खुर्चीत जाऊन बसले, आणि घसा साफ केला.

"अध्यक्ष म्हणून माझं काही मत नाही. रहिवासी म्हणून सांगतो. कार्ला गेल्यापासून मी घरी जेवत नव्हतो. एकट्याने टेबलावर बसवत नाही. आता सहाला मी ताट घेऊन रेडिएटरशेजारी बसतो. कुणाबरोबर तरी जेवतोय असं वाटतं." ते थांबले. "वाटत होतं. सोमवारपर्यंत."

मग ते परत अध्यक्षांच्या खुर्चीत जाऊन बसले आणि हात वर करायला सांगितलं. सगळे हात वर गेले. टोइवोलाबाईंनी बराच विचार करून 'तापनव्यवस्थेतील सुधारणा' असं लिहून घेतलं.

मी वळून सासरेबुवांकडे पाहिलं. मला वाटलं होतं ते हरखून जातील. ते मान हलवत होते.

"भली माणसं आहेत," ते म्हणाले. "म्हाताऱ्याचं मन मोडू नये म्हणून बोलताहेत. मी काय ओळखत नाही का आपल्या लोकांना? साठ वर्षं मांडवात वाजवलं. समोर हजार हजार माणसं नाचायची, आणि एकाच्याही तोंडावरची रेघ हलायची नाही. आवडलं की नाही ते मला एकदाही कळलं नाही. तेव्हा कान होते तरी कळलं नाही, आता काय कळणार? नको. ठेवा ते."

हेन्ना उठली. वर जाऊन तिने पेटी चालू केली, आणि टोपी आणि अकॉर्डियन घेऊन खाली आली. ते तिने बापाच्या पुढ्यात धरलं आणि ओरडूनच म्हणाली, "बाबा, एकदाच! यांच्यासाठी नका वाजवू. माझ्यासाठी वाजवा."

मुलीपुढे कुणाचं चालतं? सासरेबुवा खुर्चीत बसले, टोपी घातली, पट्टे चढवले. टँगो सुरू झाला. पाइप अगदी डोक्यावर असल्यामुळे चवी अशा ठसठशीत उतरत होत्या की काळ्या पावाचा कडक पापुद्रा दाताखाली जाणवत होता. वीस घरांची माणसं नेहमीच्या दगडी चेहऱ्यांनी बसून होती. फक्त जबडे किंचित हलत होते. सासरेबुवांनी एकदा डोळे उघडून त्यांच्याकडे पाहिलं आणि 'सांगितलं नव्हतं?' अशा अर्थाने खांदे उडवले.

तेवढ्यात त्यांचं बोट घसरलं. मासा आणि मुरांबा!

सगळ्या दालनाने एकदम तोंड वाकडं केलं. रोन्याने डोळे घट्ट मिटले. हुक्कानेनांची जीभ बाहेर आली. सिर्विओंचा नियमबद्ध चेहरा ओल्या फडक्यासारखा पिळला गेला, आणि टोइवोलाबाई, ज्यांना या चुकलेल्या सुराची काहीच कल्पना नव्हती, हातातला पाव उलटून पाहू लागल्या.

सासरेबुवांचे हात थांबले. ते त्या चेहऱ्यांकडे एकेक करून पाहत राहिले, पहिल्या रांगेपासून शेवटच्या रांगेपर्यंत.

"कळलं यांना," ते हळूच म्हणाले. मग मोठ्याने, "हेन्ना, बघ, बघ! कळतंय यांना!" आणि ते हसायला लागले. ऐंशी ओलांडलेला माणूस, अकॉर्डियनवर डोकं टेकवून, खांदे गदगद हलवत हसत होता, आणि ते वाद्यही त्यांच्याबरोबर धापा टाकत होतं.

मग त्यांनी डोळे पुसले, ताठ बसले, सगळे नीट बघताहेत ना याची खात्री करून घेतली, आणि तोच चुकीचा सूर पुन्हा दाबला. मुद्दाम, जोरात, अगदी भाता संपेपर्यंत.